गौण खनिजाच्या परवान्यास विलंब : न्यायालय काय देऊ शकते?

दगड, मुरूम, खडी, जांभा, वाळू, माती ही नावे घेताना संपत्तीची आठवण सहसा कोणाला होत नाही. तथापि शाळेची खोली, पाझर तलावाचा बांध, गावाला तालुक्याशी जोडणारा रस्ता आणि घरकुलाचे जोते यांपैकी काहीही या पदार्थांवाचून उभे राहत नाही. कायद्याने त्यांना ‘गौण खनिजे’ असे नाव दिले आहे. हे नाव त्यांच्या उपयुक्ततेवरून पडलेले नसून, कोळसा, लोहखनिज, मँगनीज इत्यादी मुख्य खनिजांपासून त्यांना वेगळे काढण्यासाठी योजलेले आहे. खाणी व खनिजे (विकास व विनियमन) अधिनियम, १९५७ हा संसदेचा कायदा असला, तरी त्याच्या कलम १५ ने गौण खनिजांविषयी नियम करण्याचा अधिकार राज्य शासनांकडे सोपविला आहे. त्या अधिकारान्वये आपल्या राज्यात महाराष्ट्र गौण खनिज उत्खनन (विकास व विनियमन) नियम, २०१३ लागू आहेत. त्याखेरीज महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ चे कलम ४८ आहेच. (वाळूची व्यवस्था वेगळ्या धोरणाने चालते; तिचा विचार येथे केलेला नाही.)

या नियमांखाली खाणपट्टा अथवा अल्पमुदतीचा उत्खनन परवाना मागणाऱ्या अर्जदाराची एक तक्रार वारंवार कानी येते. परवाना नाकारला, अशी ती तक्रार नसते. नकार मिळाला तर निदान कारण कळते आणि पुढची वाट धरता येते. तक्रार असते ती अर्जावर होकारही नाही आणि नकारही नाही, अशी. मग कोणीतरी सल्ला देतो, “कोर्टात जा.” या सल्ल्याभोवती दोन परस्परविरोधी समजुती घट्ट झालेल्या दिसतात. न्यायालयात गेले म्हणजे परवाना हाती पडतो, ही एक. आणि शासनाविरुद्ध न्यायालयात जाऊन काही साधत नाही, ही दुसरी. दोहोंतही तथ्य नाही. विलंबावर न्यायालयीन उपाय आहे, परंतु तो निर्णय मिळविण्याचा उपाय आहे, परवाना मिळविण्याचा नव्हे. आणि तो वेळेवर योजला तरच लाभतो.

अर्ज कोठे थांबतो?

परवान्याचा अर्ज एका टेबलावरचा नसतो. परिमाणानुसार तहसीलदारापासून जिल्हाधिकाऱ्यापर्यंत वेगवेगळ्या अधिकाऱ्यांकडे मंजुरीचे अधिकार आहेत. मात्र त्यापूर्वी ग्राम महसूल अधिकारी (म्हणजे पूर्वीचे तलाठी) व मंडळ अधिकारी यांचा स्थळ पाहणी अहवाल लागतो, सात-बाराचा उतारा तपासावा लागतो, जागेची मोजणी व्हावी लागते, जिल्हा खनिकर्म अधिकाऱ्याचे अभिप्राय येतात, जागा वनाजवळ असल्यास वन विभागाकडे विचारणा होते, ग्रामपंचायतीचा ठराव मागविला जातो आणि खाणपट्ट्यासाठी पर्यावरणविषयक मंजुरीही आवश्यक असते. यांतील प्रत्येक टप्प्याला अर्थ आहे. शाळेच्या भिंतीजवळ सुरुंग लागू नये, ओढ्याचे पात्र बदलू नये, शेजारच्या विहिरीचे पाणी जाऊ नये, यासाठीच ही तपासणी आहे. विलंबाविषयी लिहिताना या तपासणीला अडथळा म्हणण्याची जी प्रथा पडली आहे, ती प्रस्तुत लेखकास मान्य नाही.

परंतु तपासणी करणे वेगळे आणि प्रकरण पडून राहणे वेगळे. अहवाल येतो, त्यावर एक त्रुटीपत्र निघते, अर्जदार त्रुटी दूर करतो, मग दुसरे त्रुटीपत्र निघते व त्यात पहिल्याच वेळी विचारता आली असती अशी बाब असते. दरम्यान अधिकारी बदलतो आणि नवा अधिकारी पुन्हा स्थळ पाहणी मागवितो. कोकणातील चिरेखाणीचे उदाहरण घेऊ. जांभ्याचे चिरे काढण्याचा हंगाम पावसाळा संपल्यावर सुरू होतो व जूनच्या पहिल्या सरींबरोबर आटोपतो. समजा, एखाद्याने दसऱ्याला अर्ज दिला आणि मे महिन्याच्या अखेरीस तो मंजूर झाला, तर कागदोपत्री तो अर्जदार यशस्वी ठरतो. प्रत्यक्षात त्याचे वर्ष गेलेले असते, कर्नाटकातून किंवा घाटावरून आलेले मजूर परत गेलेले असतात आणि ज्या घरांचे बांधकाम त्या चिऱ्यांसाठी खोळंबले होते, ती घरे पुढल्या दिवाळीकडे डोळे लावून बसतात. मुख्य म्हणजे, कायदेशीर दगड वेळेवर मिळाला नाही म्हणून बांधकाम थांबतेच असे नाही. पुष्कळदा ते बिनपरवाना दगडावर चालते. शासनाचे स्वामित्वधन बुडते, आणि ज्या तपासणीसाठी एवढा वेळ घेतला ती तपासणी नेमक्या त्या खाणीला कधीच लागू होत नाही.

येथे एक इशारा देणे अवश्य आहे. अर्ज प्रलंबित आहे म्हणून उत्खनन सुरू करणे हा मार्ग नव्हे. संहितेच्या कलम ४८(७) खाली विनापरवाना काढलेल्या खनिजाच्या बाजारमूल्याच्या पाच पटीपर्यंत दंड होऊ शकतो; १९५७ च्या अधिनियमाच्या कलम २१ खाली पाच वर्षांपर्यंत कारावासाची तरतूद आहे. “अर्ज दिला होता, उत्तर आले नाही,” हा त्यावर बचाव होत नाही.

विलंबाने हक्क उत्पन्न होत नाही

या विषयातील सर्वांत महत्त्वाचा आणि सर्वांत कमी ज्ञात असलेला निर्णय सर्वोच्च न्यायालयाने १९८१ साली ‘तामिळनाडू राज्य विरुद्ध हिंद स्टोन’ या प्रकरणात दिला. तो थोडा विस्ताराने समजून घेण्यासारखा आहे, कारण अर्जदार नेमके कोठे फसतात हे त्यावरून उमगते.

तामिळनाडूत काळ्या ग्रॅनाइट दगडाच्या खाणपट्ट्यांसाठी अनेकांनी अर्ज केले होते. काहींचे अर्ज नूतनीकरणासाठी होते. ते निकाली निघण्यापूर्वीच, डिसेंबर १९७७ मध्ये, तेथील राज्य शासनाने आपल्या गौण खनिज नियमांत ८-क हा नवा नियम घातला आणि या दगडाचे खाणपट्टे खाजगी व्यक्तींना देणे बंद केले. अर्जदारांचे म्हणणे सरळ होते. आमचे अर्ज नियम बदलण्यापूर्वीचे आहेत. ते वाजवी वेळेत निकाली काढले असते तर आम्हाला जुना नियम लागला असता. शासनाच्या दिरंगाईचा भुर्दंड आम्ही का सोसावा? मद्रास उच्च न्यायालयाला हे म्हणणे पटले. सर्वोच्च न्यायालयाला मात्र ते पटले नाही. अर्ज वाजवी वेळेत निकाली काढले पाहिजेत हे खरे. परंतु खाणपट्टा मिळण्याचा किंवा त्याचे नूतनीकरण होण्याचा निहित हक्क कोणालाही नसतो, आणि म्हणून अर्ज ज्या दिवशी निकाली निघतो त्या दिवशी जे नियम लागू असतील त्यांप्रमाणेच तो निकाली काढावा लागतो, मग मध्ये कितीही काळ लोटलेला असो. असा त्या निर्णयाचा आशय आहे.

एखाद्या सामान्य माणसाला हा निर्णय कठोर वाटेल. त्यामागे एक भूमिका आहे. खनिजे ही साऱ्या समाजाची ठेव आहेत आणि ती कशी वापरावी याचे धोरण बदलण्याची मुभा शासनाला असली पाहिजे. जुने अर्ज साठून आहेत म्हणून नवे धोरण अडून राहू नये. पुढील काळातही सर्वोच्च न्यायालयाने हीच दिशा कायम ठेविली. खाणपट्ट्याच्या केवळ प्रलंबित अर्जातून हक्क निर्माण होत नाही, असे राजस्थानातील प्रकरणात २०२३ मध्येही पुन्हा सांगितले गेले.

याचा व्यवहारातील अर्थ असा की, दोन-तीन वर्षे वाट पाहून, नियम बदलल्यावर, “तेव्हाच निकाल दिला असता तर” असे म्हणत न्यायालयात जाणाऱ्याच्या पदरी बहुधा निराशा येते. ज्याने अर्ज जिवंत असताना, जुने नियम लागू असताना, निर्णयाची मागणी करून न्यायालयाचे दार ठोठावले, त्याची स्थिती कितीतरी बरी असते. विलंबावरील उपायालाच विलंब झाला तर तो निरुपयोगी होतो. कार्यालयांनाही यातून एक बोध घेता येईल. आपल्या टेबलावर अर्ज नुसता पडून राहिला तरी अर्जदाराचे काही बिघडत नाही, असे मानण्यास जागा नाही. मधल्या काळात नियम बदलला, तर पडून राहण्यानेच तो अर्ज संपतो.

महादेश : निर्णय देण्याची आज्ञा

संविधानाच्या अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालयाला पाच प्रकारचे प्राधिलेख काढता येतात. त्यांपैकी ‘महादेश’, ज्याला वकिलांच्या बोलीत ‘मँडामस’ व काही पाठ्यपुस्तकांत ‘परमादेश’ म्हणतात, तो येथे उपयोगी पडतो. सार्वजनिक अधिकाऱ्यावर कायद्याने एखादे कर्तव्य सोपविले असेल व ते तो पार पाडीत नसेल, तर ते पार पाड, अशी आज्ञा म्हणजे महादेश. परवाना द्यावा की देऊ नये, हे अधिकाऱ्याच्या विवेकाधीन आहे; परंतु अर्जाचा विचार करून निर्णय देणे हे विवेकाधीन नाही, ते कर्तव्य आहे. हा भेद ध्यानी घेतला म्हणजे बाकीचे सोपे होते.

म्हणूनच न्यायालयाचा आदेश सामान्यतः एका ठराविक धाटणीचा असतो. अमुक इतक्या आठवड्यांत, अर्जदाराला आपले म्हणणे मांडण्याची संधी देऊन, कायद्याप्रमाणे व कारणे नमूद करून अर्ज निकाली काढावा. परवाना द्यावा, असे न्यायालय सहसा सांगत नाही. गुजरातमधील एका प्रकरणात १९९७ साली सर्वोच्च न्यायालयाने हे स्पष्ट केले. तेथे विषय खाणीचा नव्हता, एका कर्मचाऱ्यावर खटला भरण्यास मंजुरी देण्याचा होता. परंतु उच्च न्यायालयाने मंजुरी देण्याचीच आज्ञा केल्याने सक्षम अधिकाऱ्याचा विवेक संपुष्टात आला, म्हणून ती मंजुरी टिकली नाही. याला अपवाद आहे. अधिकाऱ्याने विवेकाचा वापर केलाच नाही, दुष्ट हेतूने केला किंवा असंबद्ध गोष्टी लक्षात घेऊन केला, तर योग्य प्रकरणी न्यायालय स्वतःच योग्य तो आदेश देऊ शकते, असे सर्वोच्च न्यायालयाने १९८६ साली नियंत्रक व महालेखापरीक्षकांच्या एका प्रकरणात म्हटले आहे. तथापि तो अपवाद आहे. त्यावर विसंबून याचिका लिहू नये.

याचिका प्रलंबित असेपर्यंत उत्खननाची तात्पुरती परवानगी मिळावी, अशी विनंतीही अनेक अर्जदार करतात. काढलेला दगड डोंगरात परत बसविता येत नाही, त्यामुळे अशी अंतरिम परवानगी म्हणजे अंतिम निकालच होय; न्यायालये ती देण्यास नाखूश असतात, हे योग्यच आहे. नुकसानभरपाईचेही तसेच. १९९३ साली लखनौ विकास प्राधिकरणाच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने अधिकाऱ्यांनी केलेल्या छळाबद्दल भरपाई देता येते व ती जबाबदार व्यक्तींकडून वसूल करता येते, असे म्हटले. तो विषय घरबांधणीच्या सेवेचा होता. परवान्याच्या प्रकरणात केवळ दिरंगाईबद्दल भरपाई मिळेल, या आशेवर खर्च करणे शहाणपणाचे नाही.

महादेश मिळविण्यासाठी एक अट मात्र चुकविता येत नाही. अधिकाऱ्याकडे आधी मागणी केली पाहिजे आणि त्याने नकार दिला पाहिजे, अथवा त्याचे मौन नकारासारखे ठरले पाहिजे. सर्वोच्च न्यायालयाने १९७४ साली एका साखर उद्योगाच्या प्रकरणात ही अट अधोरेखित केली. म्हणून अर्जाची पोच, आवक क्रमांक व दिनांक, त्रुटीपत्रांना दिलेली उत्तरे आणि अखेरीस “अमुक अर्जावर अमुक दिवसांत निर्णय द्यावा” अशी स्पष्ट लेखी मागणी, हे कागद याचिकेचा कणा असतात. तोंडी विनंत्या, दूरध्वनी, साहेबांची भेट यांचा न्यायालयापुढे काही उपयोग नाही. अलीकडे खनिजाचे बरेच कामकाज ‘महाखनिज’ या संगणकीय प्रणालीवरून चालते. तेथील नोंदीची छापील प्रत काढून ठेवणे हितावह.

मागणी करावी, याचा अर्थ स्मरणपत्रे पाठवीत राहावे असा नव्हे. २००८ साली सर्वोच्च न्यायालयाने तामिळनाडूच्या भूविज्ञान व खनिकर्म खात्यातील एका माजी कर्मचाऱ्याच्या प्रकरणात या सवयीवर नेमके बोट ठेविले. त्याची सेवा १९८२ साली संपुष्टात आली होती आणि सुमारे अठरा वर्षांनी त्याने निवेदन दिले होते. अशा शिळ्या निवेदनावर विचार करा, असा आदेश न्यायालयाने यांत्रिकपणे देऊ नये. निवेदनाला उत्तर मिळाले म्हणून मृत झालेला दावा पुन्हा जिवंत होत नाही, असे न्यायालयाने बजावले. दहा स्मरणपत्रे पाठविल्याने मुदत वाढत नाही. एक चांगली मागणी, वाजवी प्रतीक्षा आणि मग कृती, हा क्रम ठेवावा.

वाजवी म्हणजे किती?

या प्रश्नाचे उत्तर देण्यास आपल्या राज्यात एक भक्कम आधार आहे व त्याचा वापर फारच थोडे अर्जदार करतात. महाराष्ट्र शासकीय कर्मचाऱ्यांच्या बदल्यांचे विनियमन आणि शासकीय कर्तव्ये पार पाडताना होणाऱ्या विलंबास प्रतिबंध अधिनियम, २००५ हे त्याचे लांबलचक नाव. बदल्यांचा कायदा म्हणून तो कार्यालयांत सर्वांच्या तोंडी असतो; त्याचा उत्तरार्ध मात्र विस्मृतीत जातो. त्याच्या कलम १० प्रमाणे कोणतीही फाईल एका कर्मचाऱ्याकडे सामान्यतः सात कामकाजाच्या दिवसांपेक्षा अधिक काळ प्रलंबित राहता कामा नये. दुसऱ्या विभागाकडे पाठवावी न लागणारी प्रकरणे ४५ दिवसांत आणि पाठवावी लागणारी तीन महिन्यांत निर्णयाला आली पाहिजेत. बुद्ध्या केलेला विलंब किंवा हयगय शिस्तभंगाच्या कारवाईस पात्र आहे.

मात्र लगेच कलम ११ वाचावे. न्यायप्रविष्ट प्रकरणे, अर्धन्यायिक प्रकरणे, केंद्र किंवा अन्य राज्य शासनाशी संबंधित प्रकरणे, महत्त्वाच्या धोरणात्मक बाबी इत्यादींना ही कालमर्यादा लागू नाही. तरीही, “वाजवी वेळ” म्हणजे काय हे न्यायालयाला पटवून देताना राज्याच्या स्वतःच्या कायद्याने घालून दिलेले ४५ दिवस व तीन महिने यांपेक्षा चांगले माप सापडणे कठीण आहे.

फाईल नेमकी कोठे आहे हे न कळल्यामुळे पुष्कळ याचिका चुकीच्या अधिकाऱ्याविरुद्ध होतात. माहितीचा अधिकार अधिनियम, २००५ येथे उपयोगी पडतो. अर्जावरील टिपण्या व पत्रव्यवहाराच्या प्रती मागितल्यास तीस दिवसांत उत्तर देणे बंधनकारक आहे. आणि त्या टिपण्यांवरून कोणत्या टेबलावर किती दिवस गेले हे दिवसावार दिसते. याच अधिनियमाच्या कलम ४ मध्ये आपल्या निर्णयांची कारणे बाधित व्यक्तींना कळविण्याचे कर्तव्यही सांगितले आहे. महाराष्ट्र लोकसेवा हक्क अधिनियम, २०१५ खाली विहित मुदतीत सेवा न मिळाल्यास अपिलाची सोय आहे व कसूर करणाऱ्या अधिकाऱ्यास पाचशे ते पाच हजार रुपयांपर्यंत शास्ती होऊ शकते. परंतु तो अधिसूचित सेवांनाच लागू आहे. आपण मागत असलेला विशिष्ट परवाना किंवा दाखला त्या यादीत आहे की नाही, हे कार्यालयाच्या फलकावर पाहून मगच तो मार्ग धरावा.

अपील आधी की याचिका आधी, हाही प्रश्न वारंवार येतो. अपील आदेशावर होते. संहितेखालील आदेश असेल तर कलम २४७ प्रमाणे अपील करता येते; मुदत जिल्हाधिकाऱ्याहून कनिष्ठ अधिकाऱ्याच्या आदेशाबाबत साठ दिवस व अन्यथा नव्वद दिवस. परवाना लेखी नाकारला गेला, तर आधी अपिलाचीच वाट धरावी. पर्यायी उपाय असताना उच्च न्यायालय सहसा याचिका ऐकत नाही. हा नियम निरपवाद नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने १९९८ साली सांगितले आहे. नैसर्गिक न्यायाचा भंग अथवा अधिकारकक्षेचा अभाव असल्यास थेट याचिका चालते. परंतु जेथे आदेशच नाही, तेथे अपील कशावर करावयाचे? मौनावर अपील होत नाही, आणि म्हणूनच मौनापुढे याचिका हाच मार्ग उरतो. गौण खनिजाबाबत केंद्र शासनाकडे पुनरीक्षणाचा अर्जही करता येत नाही, कारण १९५७ च्या अधिनियमाच्या कलम ३० ने गौण खनिजे त्यातून वगळली आहेत. दिवाणी दाव्याचा मार्ग आहे, परंतु त्यासाठी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८० खाली शासनाला दोन महिन्यांची नोटीस द्यावी लागते. रिट याचिकेला ती लागत नाही.

पर्यावरण मंजुरीचा टप्पा

सर्वोच्च न्यायालयाने फेब्रुवारी २०१२ मध्ये हरियाणातील प्रकरणात दिलेल्या निर्णयानंतर पाच हेक्टरांहून लहान खाणपट्ट्यांनाही पर्यावरण मंजुरी आवश्यक झाली. हा टप्पा जिल्हाधिकाऱ्याच्या हातातला नाही; तो १४ सप्टेंबर २००६ च्या केंद्रीय अधिसूचनेखालील राज्यस्तरीय प्राधिकरणाचा आहे. तेथे दिरंगाई झाली असताना जिल्हाधिकाऱ्याविरुद्ध याचिका केली, तर ती व्यर्थ जाते. त्या अधिसूचनेत मौनाचा विचार मात्र केलेला आहे, ही विशेष गोष्ट. तज्ज्ञ समितीची शिफारस मिळाल्यापासून प्राधिकरणाने ४५ दिवसांत निर्णय कळवावयाचा असतो. विहित मुदतीत तो कळविला गेला नाही, तर समितीच्या अंतिम शिफारशीप्रमाणे मंजुरी मिळाली किंवा नाकारली गेली, असे समजून अर्जदाराला पुढे जाता येते. याला सरसकट ‘मानीव मंजुरी’ म्हणणे चूक आहे. शिफारस प्रतिकूल असेल तर तो मानीव नकार होय. मुख्य खनिजांसाठीच्या १९६० च्या नियमांतही एके काळी मुदतीत निकाल न लागलेला अर्ज नाकारला गेला असे मानण्याची तरतूद होती. तिचा हेतू अर्जदाराला पुढच्या दाराकडे जाता यावे हा होता. मौनाला काही तरी अर्थ देणारी अशी तरतूद अर्जदाराला व कार्यालयाला दोघांनाही सोयीची असते, असे या लेखकाचे मत आहे.

ग्रामपंचायत आणि शेजारचा शेतकरी

विलंब तालुक्याला किंवा जिल्ह्यालाच होतो असे नाही. अनुसूचित क्षेत्रात, १९९६ च्या पंचायत विस्तार अधिनियमाप्रमाणे, गौण खनिजाचा खाणपट्टा देण्यापूर्वी ग्रामसभेची अथवा योग्य स्तरावरील पंचायतीची शिफारस अनिवार्य आहे. ही शिफारस म्हणजे नुसता शिक्का नव्हे. गावाने नकार द्यावयाचा असेल तर द्यावा, तो त्याचा अधिकार आहे. परंतु विषय सभेपुढेच न आणणे, गणपूर्ती नाही म्हणून सभा पुढे ढकलीत राहणे, ठराव झाल्यावर त्याची प्रत न देणे, या गोष्टी कायद्यातील कर्तव्याचा भंग आहेत, आणि ग्रामपंचायतीविरुद्धही महादेश निघू शकतो. सरपंच व सदस्यांनी हे ध्यानी ठेवावे. इतर क्षेत्रांत ग्रामपंचायतीचा ना-हरकत दाखला मागितला जातो, तेथेही कारणांसह ठराव देणे हेच उत्तम.

महादेश हे केवळ खाणमालकाचे साधन आहे, असे समजण्याचे कारण नाही. खाणीच्या सुरुंगांनी घराला तडे गेलेल्या कुटुंबाने, धुळीने ज्वारी काळवंडलेल्या शेतकऱ्याने किंवा वर्गाशेजारी क्रशर चालू असलेल्या शाळेने तहसीलदाराकडे केलेली तक्रारही तशीच पडून राहू शकते. त्यांनाही तीच मागणी करता येते. आमच्या तक्रारीवर चौकशी करून निर्णय द्या. पर्यावरण मंजुरीलाच आव्हान द्यावयाचे असेल, तर राष्ट्रीय हरित न्यायाधिकरणाकडे तीस दिवसांत अपील करावे लागते. पुरेसे कारण दाखविल्यास आणखी साठ दिवसांपर्यंत सवलत मिळू शकते, त्यापुढे नाही. पश्चिम विभागाचे पीठ पुण्यात आहे.

खर्च, अंतर आणि आदेशानंतर

लहान अर्जदाराला न्यायालय दूर वाटते ते अंतरामुळे व खर्चामुळे. अंतर काहीसे कमी झाले आहे. नागपूर व औरंगाबाद येथील खंडपीठांच्या जोडीला ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूर येथे फिरते खंडपीठ सुरू झाले असून कोल्हापूर, सातारा, सांगली, सोलापूर, रत्नागिरी व सिंधुदुर्ग या सहा जिल्ह्यांची प्रकरणे तेथे चालतात. चिरेखाणीच्या अर्जदाराला आता मुंबई गाठावी लागत नाही. खर्चाबाबत, विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, १९८७ खाली महिला, अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्ती व औद्योगिक कामगार यांना उत्पन्नाची अट न लावता मोफत विधी सहाय्य मिळते. इतरांना उत्पन्नमर्यादेत मिळते. तालुका न्यायालयाच्या आवारातील विधी सेवा समितीकडे त्यासाठी अर्ज करता येतो. दगड फोडून पोट भरणाऱ्या कुटुंबांपर्यंत ही माहिती पोचविण्यात गावचे शिक्षक पुष्कळ काही करू शकतील.

अनुभव असा की, याचिकेची प्रत सरकारी वकिलांकडे पोचली आणि त्यांनी कार्यालयाकडून माहिती मागविली, की अनेक प्रकरणांत फाईल हलू लागते आणि पहिल्या-दुसऱ्या तारखेलाच, निर्णय दिला आहे किंवा अमुक दिवसांत देऊ, असे निवेदन होते. हे निवेदन न्यायालयाच्या आदेशात नोंदविले गेले आहे ना, याची अर्जदाराने खात्री करावी. नोंद नसेल तर ते केवळ आश्वासन राहते.

आदेशाची प्रमाणित प्रत मिळताच ती संबंधित कार्यालयात पोच घेऊन द्यावी. मुदत पुष्कळदा प्रत मिळाल्याच्या दिनांकापासून मोजली जाते. अधिकाऱ्याच्या दृष्टीने या टप्प्यावर दोनच गोष्टी आहेत. मुदतीत सकारण आदेश काढणे, किंवा खरोखर अडचण असल्यास मुदत संपण्यापूर्वी न्यायालयाकडे वाढ मागणे. मुदत उलटून गेल्यावर दिलेली सबब न्यायालये मनावर घेत नाहीत. “अर्ज नामंजूर” एवढ्या दोन शब्दांचा आदेशही आदेशपालन ठरत नाही. नियम कोणता, अहवालात काय आढळले, अर्जदाराचे म्हणणे काय होते व ते का मान्य झाले नाही, हे त्यात आले पाहिजे. असा आदेश प्रतिकूल असला तरी अर्जदाराला त्यावर अपील करता येते, आणि अपिलात तो टिकण्याची शक्यताही अधिक असते. आदेश पाळलाच नाही, तर न्यायालय अवमान अधिनियम, १९७१ खाली अर्ज करता येतो. त्याच्या कलम २० प्रमाणे अवमान घडल्यापासून एक वर्षानंतर अशी कार्यवाही सुरू करता येत नाही.